फोटोच्या पाठीमागं काय लिहायचं

पुस्तकाचं एक बरं असतं. टायटल पेज उघडलं की नाव, लेखक, प्रकाशक, साल सगळं छापलेलं मिळतं, आपण फक्त दाखल क्रमांक (रजिस्टरातला नंबर) टाकायचा, विषयाचा क्लास नंबर द्यायचा आणि शेल्फवर रवाना करायचं. फोटो मात्र गप्प. हातात घेऊन तासभर बसा, तो सांगणार नाही की मी कुठला, कुणी काढला, कशासाठी काढला. आणि लोक येऊन नेमका तोच मागतात. "मॅडम, दुष्काळाचा एखादा फोटो आहे का हो?" आता दुष्काळाचा फोटो म्हणजे काय द्यायचं? भेगा पडलेल्या जमिनीचा? टँकरपुढच्या घागरींचा? छावणीतल्या जनावरांचा? की कलेक्टर ऑफिसातल्या मीटिंगचा, ज्याच्या बॅनरवर मोठ्या अक्षरात 'टंचाई आढावा' लिहिलंय पण टेबलावर बिसलरीच्या बाटल्या आहेत?

मी लातूर-धाराशिव पट्ट्यातल्या एका जुन्या कॉलेजात लायब्ररी सांभाळते. आमच्याकडं एक लोखंडी कपाट आहे ज्याला सगळे 'फोटोचं कपाट' म्हणतात. त्यात काळ्या कागदाचे, कोपरे लावून फोटो बसवलेले जुने अल्बम आहेत, ऐंशी-नव्वद सालातले ते चिकट पानांचे, वरून प्लॅस्टिक ओढायचे अल्बम आहेत (ह्यांनी जितक्या फोटोंचं वाटोळं केलंय तितकं कसरीनंसुद्धा केलं नसेल, डिंक पिवळा पडतो आणि फोटो निघता निघत नाही), इतिहास विभागाच्या स्लाइडचे डबे आहेत, एनएसएस कॅम्पची पाकिटं आहेत, निगेटिव्हच्या पट्ट्या आहेत. आणि ह्यातल्या एकालाही दाखल क्रमांक नव्हता. ही गोष्ट लायब्ररीच्या बाहेरच्या माणसाला किरकोळ वाटेल, पण पुस्तक हरवलं तर ऑडिटला सापडतं, कुणाच्या तरी पगारातून वसूल होतं, फोटो हरवला तर तो होता हेच कुणाला माहीत नसतं. त्यामुळं पहिलं काम कुठलंही शास्त्र न झाडता फक्त नंबर देणं. मऊ पेन्सिलनं, मागच्या बाजूला, कडेला. बॉलपेननं नाही, त्याची रेघ पुढून उमटते आणि शाई पसरते ती वेगळीच. निगेटिव्हला आंबट व्हिनेगरसारखा वास येत असला तर ती बाजूला, कारण ॲसिटेट कुजायला लागलं की शेजारच्यालाही लागतं, आणि आमच्याकडं मे महिन्यात पारा बेचाळीसच्या वर जातो तेव्हा बंद लोखंडी कपाटात काय होत असेल ते सांगायला नको. एवढं झालं की जतनाचा विषय मी इथंच सोडते, कारण त्याच्यावर बोलणारे पुष्कळ आहेत. ज्याच्यावर कुणी बोलत नाही ते म्हणजे, नंबर दिला, आता पुढं काय लिहायचं?

मधे एकदा एका एजन्सीला स्कॅनिंग दिलं होतं. काम छान झालं, सहा बाय चारचा फोटो सहाशे डीपीआयला घेतला की एक टिफ फाइल साधारण सव्वीस एमबीची होते, अशा फायलींनी हार्ड डिस्क भरून मिळाली, प्राचार्यांच्या हस्ते त्या डिस्कचाही फोटो निघाला. आणि आत बघितलं तर ०००१, ०००२, ०००३. बस. कपाटातला गोंधळ आता कॉम्प्युटरमध्ये आला, वर दिसायला स्वच्छ. उलट कपाटात निदान अल्बमवरून कळायचं की हे गॅदरिंगचे आणि हे कॅम्पचे, इथं तेही गेलं.

जुन्या फोटोंच्या मागं काहीच लिहिलेलं नसतं असंही नाही. स्टुडिओचा शिक्का असतो, कधी तारीख असते आणि बऱ्याचदा नावं असतात. पण नावं कुणाची? प्रमुख पाहुण्यांची. 'बसलेले डावीकडून' म्हणून अध्यक्ष, उपाध्यक्ष, सचिव, मा. आमदार साहेब, प्राचार्य, आणि शेवटी 'व इतर'. आमच्या सगळ्या कपाटाची सूची जर ह्या मजकुरावरून केली तर ती सत्कारांची सूची होईल. आणि सत्काराचा फोटो मागायला आजवर फक्त ज्याचा सत्कार झाला त्याचा मुलगा आलाय, तोही वडील वारल्यावर, पेपरात द्यायला. बाकी जे येतात त्यांना 'व इतर' मधलंच काहीतरी हवं असतं.

एक फोटो सांगते. मागं निळ्या शाईत लिहिलंय, 'मा. कलेक्टर साहेबांची कामास भेट, १९७३'. फोटोत डाव्या कडेला जीप, जीपजवळ चार-पाच पँट-शर्टवाले, त्यातले एक कलेक्टर असणार. पण फोटोचा तीन चतुर्थांश भाग बायकांनी भरलाय. रांगेनं बसल्यात, प्रत्येकीपुढं खडीचा ढीग, हातात हातोडी, पदर डोक्यावरून ओढून दातात धरलेला. मागं बाभळ आहे, तिला झोळी बांधलीय, झोळीतून एक पाय बाहेर आलाय एवढासा. एकच बाई कॅमेऱ्याकडं बघतीय, बाकीच्या खाली मान घालून. उजव्या कोपऱ्यात अर्धं कापलेलं मोठं पातेलं आणि त्याच्यापुढं पोरांची रांग. मी नोंद करताना म्हणाले, पाणी तापवत असतील. आमचे लायब्ररीतले मामा (परिचर, रिटायरमेंटला आलेत) मागून वाकून बघत होते, म्हणाले, "पाणी कशाला तापवायल्यात उन्हाळ्यात, मॅडम? सुकडीय ती. आमी खाल्लीय की." मग बराच वेळ सुकडी (दुष्काळी कामांवर वाटायचं खाणं) कशी असायची, बाहेरदेशातून आलेल्या मिलो ज्वारीची भाकर लाल कशी व्हायची, मुकादम माप कमी कसं धरायचा, सगळं निघालं. मी लिहून घेतलं. मामांना कॅटलॉगमधलं ओ की ठो कळत नाही पण त्या पातेल्याचं विषय-शीर्षक त्यांनीच दिलंय.

आता ह्याच्यावर लोकांनी खूप डोकं चालवून ठेवलंय. पॅनॉफस्की नावाच्या कला-इतिहासकारानं १९३९ साली चित्र वाचायच्या तीन पायऱ्या मांडल्या: आधी नुसतं दिसतं ते, म्हणजे माणूस, झाड, दगड, मग त्याची ओळख, म्हणजे कुठली कथा, कुठला प्रसंग, आणि मग त्या मागचा त्या काळाचा अर्थ. पुढं १९८६ मध्ये सारा शॅटफर्ड ह्या बाईंनी हे ग्रंथपालांच्या कामाला लावलं. त्यांचं म्हणणं साधं आहे, चित्रात काय दिसतं हे एक आणि चित्र कशाबद्दल आहे हे दुसरं, दोन्ही वेगळं लिहा, आणि जे दिसतं त्यातही सर्वसाधारण वेगळं आणि नावानिशी वेगळं. खडीच्या फोटोत दिसतं काय तर बायका, हातोडी, खडी, झोळी, बाभळ, जीप, पातेलं. नावानिशी काय तर तो कलेक्टर आणि ते गाव. कशाबद्दल, तर १९७२ चा दुष्काळ, दुष्काळी कामं, मजुरी, बायकांचं श्रमाचं आयुष्य. हे तीन कप्पे केले की लक्षात येतं, मागच्या निळ्या शाईत फक्त मधलाच कप्पा होता आणि तोही अर्धा.

पण मला शॅटफर्ड बाईंच्या पुढचंही एक वाटतं. दिसतं ते सगळं लिहायचं म्हटलं तर संपणारच नाही, बाभळीखाली मुंगळा दिसला तर मुंगळाही लिहायचा का? कुठं थांबायचं हे चित्र बघून ठरत नाही, मागायला येणाऱ्या माणसाकडं बघून ठरतं. म्हणून मी काउंटरवर एक साधी दोनशे पानी वही ठेवलीय, कुणी फोटो मागितला की त्यानं मागितलं तसंच, त्याच्याच शब्दात लिहायचं, मिळाला की नाही तेही लिहायचं. त्या वहीत काय काय आहे! 'लुगडं नेसायची जुनी पद्धत दिसेल असा.' 'मोट चालू असलेली विहीर.' 'पाटी-पेन्सिलवाली शाळा.' 'आमच्या गावची जुनी वेस, पाडायच्या आधीची.' 'रझाकाराच्या वेळचा कुठलाही.' एकानंही अजून 'मान्यवर' मागितलेले नाहीत. सूचीतले शब्द मी आता ह्या वहीतून उचलते. ग्रंथालयशास्त्राचे रंगनाथन यांनी १९३१ मध्ये सांगितलेला चौथा नियम आपण लायब्ररी सायन्सच्या पेपरात घोकून लिहिलेला असतो, वाचकाचा वेळ वाचवा, तर फोटोच्या बाबतीत तो असा वाचतो.

गठ्ठा की एकेक, हा दुसरा वाद. आमच्यासारख्या ठिकाणी माणसं दोन, त्यातले एक मामा, मग हजारो फोटोंना एकेक नोंद करणार कधी? अमेरिकेत मंदीच्या काळात सरकारनं शेतकरी, स्थलांतरित मजूर ह्यांचे फोटो काढून घेतले होते, निगेटिव्हच लाखाच्या वर गेल्या. १९४० च्या दशकात पॉल व्हँडरबिल्ट ह्या माणसाकडं ते लावायचं काम आलं, त्यानं एका कामगिरीवर काढलेले फोटो एका लॉटमध्ये एकत्र ठेवले, म्हणजे फोटोग्राफर कुठून कुठं गेला, काय बघत गेला ते तुटत नाही, आणि शिवाय छापील प्रती विषयानुसार लावल्या. मला हे फार पटतं. आमच्या १९७३ च्या पाकिटातला खडीचा फोटो एकटा काढून 'महिला' ह्या फाइलीत टाकला तर त्याच्या आधीचा विहिरीचा आणि नंतरचा धान्याच्या पोत्यांचा फोटो त्याच्यापासून सुटतो. म्हणून पाकीट तसंच ठेवायचं, पाकिटाला एक चांगली परिच्छेदभर नोंद द्यायची आणि त्यातल्या मागणी असलेल्या फोटोंना वेगळी.

स्लाइडचा डबा हा वेगळाच प्रकार. इतिहासाच्या जुन्या सरांनी मुलांना दाखवायला जमवलेल्या, रंग उडून लालसर झालेल्या. प्रत्येकीवर बारीक अक्षरात 'अजिंठा, ले. १' एवढंच. लेणीचा नंबर हा पत्ता म्हणून उत्तम, पण काळ त्यातून काही कळत नाही, कारण नंबर ओळीनं दिलेत, आणि जुन्यात जुन्यांपैकी असलेली लेणी दहाव्या नंबरला. आता पहिल्या लेणीतली महाजनक जातकातल्या (बुद्धाच्या पूर्वजन्मीच्या कथेतल्या) नर्तकीची स्लाइड घ्या. तिच्याभोवती बायका बासरी वाजवतायत, ढोल वाजवतायत. तीच स्लाइड संगीताच्या मॅडमना वाद्यांसाठी हवी, फॅशन डिझाइनच्या पोरीला त्या लांब बाह्यांच्या नक्षीदार वस्त्रासाठी हवी, इतिहासवाल्याला जातककथेसाठी. 'ले. १' वरून ह्या तिघांपैकी एकालाही ती सापडणार नाही. तयार पद्धती शोधाव्यात तर चित्रांच्या विषयांसाठी आयकॉनक्लास म्हणून एक मोठी वर्गीकरण पद्धत आहे, डच अभ्यासक हेन्री व्हॅन डी वॉल यांची, दहा मुख्य वर्ग, त्यातला एक अख्खा बायबलला आणि एक ग्रीक-रोमन पुराणांना. आपला बुद्ध, आपला विठोबा, आपली तुळजाभवानी हे सगळे मिळून '१२, ख्रिस्तेतर धर्म' ह्या एका कोपऱ्यात. त्यांच्या चित्रांसाठी त्यांनी केली, त्यात त्यांचा दोष नाही, पण वेरूळची चौतीस लेणी घेऊन मी त्या कोपऱ्यात दाटीवाटीनं उभी राहणार नाही. आपले शब्द आपणच जमवायचे.

आणि लिहिलेलं नाव किती चिवट असतं त्याचाही नमुना पहिल्या लेणीतच आहे. तिथं एक दरबाराचं चित्र आहे, उंच टोप्यांचे परदेशी दिसणारे लोक राजापुढं भेटी घेऊन आलेत. वास्तुकलेचा इतिहास लिहिणाऱ्या जेम्स फर्ग्युसननं १८७९ मध्ये मांडलं की हा चालुक्यांचा दुसरा पुलकेशी आणि हे इराणच्या दुसऱ्या खुस्रोचे वकील. झालं, 'पर्शियन एम्बसी' हे नाव जे चिकटलं ते गाइडच्या तोंडी, पुस्तकात, पोस्टकार्डावर, सगळीकडं. पुलकेशी सातव्या शतकातला, आणि ह्या लेणीचा काळ पुष्कळ अभ्यासक आता वाकाटक हरिषेणाच्या वेळचा, पाचव्या शतकाच्या उत्तरार्धातला धरतात, चित्रही जातककथेतलंच असावं असं म्हणतात. मग आमच्या नोंदीत काय लिहायचं? मी दोन्ही लिहिते. वर आजची ओळख, खाली 'ह्या नावानेही प्रसिद्ध' म्हणून जुनी. कारण विद्यार्थी जुनं पुस्तक वाचून येतो, तो 'पर्शियन'च शोधणार, त्याला कोऱ्या स्क्रीनवरून परत पाठवण्यात काय शहाणपण आहे.

   

हाच दोन्ही नावांचा नियम गावांना लावावा लागतो आणि इथं तर मराठवाड्यात रोजचं मरण आहे. एका अंबाजोगाईचे फोटो शोधायचे तर जुन्या पाकिटांवर 'मोमिनाबाद'. लातूरचा १९७५ चा फोटो असला तर मागं 'जि. उस्मानाबाद', कारण लातूर जिल्हा झाला १९८२ ला. जालना १९८१ ला वेगळा झाला, हिंगोली १९९९ ला. विद्यापीठाचा फोटो १९९४ च्या आधीचा असला तर कमानीवर नुसतं 'मराठवाडा विद्यापीठ'. आणि २०२३ नंतर औरंगाबाद, उस्मानाबाद ह्या नावांनी केलेल्या सगळ्या नोंदी परत बघायच्या. ह्यावर स्टाफरूममध्ये आवाज चढतात, एकजण म्हणतो जुनं नाव खोडा, दुसरा म्हणतो नवं घालूच नका. लायब्ररीला दोन्ही परवडत नाही. आजचं अधिकृत नाव मुख्य, जुन्या नावापाशी 'पाहा' अशी नोंद, आणि फोटोच्या मागं जे लिहिलंय ते जसंच्या तसं अवतरणात, त्याला हात लावायचा नाही, अगदी शुद्धलेखन चुकलं असलं तरी.

नव्या फोटोंचं मात्र उलटंच होऊन बसलंय. नॅकसाठी (कॉलेजांचं मूल्यांकन करणारी संस्था) सगळे कार्यक्रम जिओटॅग फोटोसकट लागतात, त्यामुळं प्रत्येक फोटोच्या खाली काळी पट्टी, त्यात नकाशा, अक्षांश-रेखांश, तारीख, सेकंदापर्यंत वेळ. पृथ्वीच्या पाठीवर नेमकं कुठं झाडं लावली ते दशांश चिन्हापुढं सहा आकड्यांपर्यंत माहीत आहे आणि खड्ड्याजवळ उभी असलेली पोरगी कोण ते कुणाला माहीत नाही. जुन्यात नावं होती ठिकाण नव्हतं, नव्यात ठिकाण आहे नाव नाही. त्यात ते फोटो येतात व्हॉट्सॲपवरून, म्हणजे मूळ फाइलीतली माहिती गळून पडलेली, साइज आवळलेला, आणि नाव 'आयएमजी', तारीख, 'डब्ल्यूए' आणि पुढं एक नंबर. मी सगळ्या विभागांना सांगून थकले की निदान डॉक्युमेंट म्हणून पाठवा, ड्राइव्हवर टाका, आणि कार्यक्रमाच्या दिवशीच दोन ओळी लिहून द्या. दोन ओळी लिहायच्या म्हटलं की सगळ्यांना तास असतात.

मग पोरं म्हणतात, मॅडम एआयला द्या की, ते सगळं लिहितं. दिलं. खडीचाच फोटो दिला. उत्तर आलं: महिला, दगड, ग्रामीण भाग, बांधकाम, गर्दी. चुकीचं एकही नाही. आणि खरं सांगायचं तर पहिल्या कप्प्याचं हमालीचं काम त्यानं केलं तर मला आनंदच आहे, हजार फोटोंतून 'झाड' असलेले काढून दिले तर आणखी काय हवं. पण पातेलं त्याला भांडं दिसलं. सुकडी नाही. ती सांगणारी माणसं अजून गावागावात बसलेली आहेत आणि दरवर्षी त्यातली काही कमी होतायत. अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसनं २००८ मध्ये आपले जुने फोटो फ्लिकरवर टाकून लोकांनाच विचारलं, ह्यात कोण आहे, कुठलं आहे, आणि लोकांनी सांगितलं, नोंदी सुधारल्या. आम्ही आपलं गावठी करतो. फोटोच्या ए-फोर झेरॉक्स काढायच्या, माजी विद्यार्थी मेळाव्याला पॅसेजमध्ये दोरीला लावायच्या आणि शेजारी पेन बांधून ठेवायचा. जेवणाच्या मंडपापेक्षा तिथं गर्दी असते. "अरे हा तर आपला होस्टेलचा स्वयंपाकी!" मग कुणीतरी नाव लिहितं, कुणीतरी ते खोडून दुसरं लिहितं, मी दोन्ही उतरवते आणि पुढं 'दोन मतं' असं लिहिते.

सगळंच उघड लावता येत नाही पण. ३० सप्टेंबर १९९३ च्या किल्लारी भूकंपानंतर आमच्या एनएसएसची पोरं मदतीला गेली होती, त्याचं एक जाड पाकीट आहे. गणपती विसर्जन करून माणसं झोपली होती आणि पहाटे ते झालं, ह्या भागात ते कुणाला सांगावं लागत नाही. त्या फोटोंत चेहरे आहेत, मी त्यांचं वर्णन इथं करणार नाही. आणि त्याच पाकिटात माळवदाच्या, म्हणजे मातीच्या सपाट छताच्या घरांचे फोटो आहेत, दगड-मातीची दोन-अडीच फुटी भिंत ढासळलीय, आतले लाकडी खांब मात्र उभे आहेत, वर खणाची (खांबांमधल्या जागेची) चौकट तशीच. सिव्हिल इंजिनिअरिंगची पोरं ते मागायला येतात आणि त्यांना ते मिळालेच पाहिजेत, तिथली घरं कशी बांधलेली होती हे बघायला ह्याच्याइतकं चांगलं साधन आमच्याकडं दुसरं नाही. म्हणून पाकीट फोडलं नाही, पण नोंदी दोन पातळीवर केल्या. घरांचे फोटो 'माळवद', 'खण', 'दगड-मातीची भिंत' अशा शब्दांखाली खुले. माणसांच्या फोटोंची नोंद दिसते, चित्र दिसत नाही, लायब्ररीत येऊन, कशासाठी हवंय ते लिहून दिलं तर दाखवतो. एका मीटिंगमध्ये मला विचारलं गेलं की हे फोटो कॉलेजच्या वेबसाइटवर 'सामाजिक बांधिलकी' खाली का लावत नाही. मी म्हणाले, त्या फोटोंतल्या बायकांना विचारून या, मग लावू. विषय पुढं गेला नाही.

सध्या स्लाइड संपत आल्यात आणि कपाटाचा खालचा कप्पा उघडलाय. त्यात व्हीएचएस कॅसेट निघाल्यात, एकीवर 'गॅदरिंग ९१', एकीवर नुसतं 'महत्त्वाचे', बाकीच्या कोऱ्या. आत काय आहे हे बघितल्याशिवाय नोंद होणार नाही आणि बघायला मशीन नाही. कॉलेजचा जुना व्हीसीआर निर्लेखनात (रजिस्टरातून बाद करून) कधीच भंगारात गेला. लातूर, धाराशिव, सोलापूर कुठंही कुणाकडं चालू असलेला व्हीसीआर असेल तर सांगा, आम्ही येऊन घेऊन जातो, विकतसुद्धा घेऊ, फक्त पावती पक्की लागेल.